मुक्काम आणि पोस्ट : संकेतस्थळाच्या नावामागील नोंदी

पाकिटावर ‘मु. पो.’ ही दोन अक्षरे आपण इतक्या सवयीने लिहितो की, त्यांत दोन निरनिराळ्या गोष्टी सांगितलेल्या असतात याचे भान सहसा राहत नाही. मुक्काम म्हणजे मनुष्य जेथे राहतो ते गाव. पोस्ट म्हणजे त्याचे टपाल ज्या कार्यालयात उतरते ते गाव. मोठ्या गावी ही दोन्ही एकच असतात, म्हणून ती एकत्र लिहिली जातात. वाडीवस्तीवरच्या माणसाला मात्र मुक्काम एक आणि पोस्ट दुसरे असे वेगवेगळे लिहावे लागते. त्यांतील एक जरी चुकले, तरी पत्र भलतीकडे जाते. एखादे कार्यालय, शाळा किंवा ग्रामपंचायत जेव्हा संकेतस्थळासाठी नाव घेते, तेव्हा त्या नावामागेही असाच एक मुक्काम आणि असेच एक पोस्ट लिहून ठेवावे लागते. ते कोठे लिहिलेले असते, कोण लिहितो आणि चुकल्यास काय होते, ही माहिती संगणकशास्त्राच्या पदवीधरांपुरतीच राहावी असे नाही. प्रस्तुत लेखक स्वतः कला शाखेचा पदवीधर आहे. त्याला ही माहिती कामाच्या ओघात आणि एका प्रसंगी बऱ्याच मनस्तापानंतर मिळाली. तो प्रसंग पुढे येईलच.

नाव आणि अंक

ज्या संगणकावर संकेतस्थळ ठेवलेले असते, त्याला सर्व्हर म्हणतात आणि त्याला अंकांचा पत्ता असतो. उदाहरणार्थ, १९२.०.२.१०. यातील प्रत्येक भाग ० ते २५५ यांमधील असतो. (१९२.०.२ ने सुरू होणारे पत्ते केवळ पुस्तकांतील उदाहरणांसाठी राखून ठेवलेले आहेत, म्हणून येथे तोच घेतला आहे.) अशा रीतीने सुमारे ४२९ कोटी पत्ते तयार होतात. तेही जगाला पुरेनासे झाल्यामुळे आता याहून पुष्कळ लांब असे दुसऱ्या प्रकारचे पत्तेही वापरात आहेत. यंत्रांना हे अंक सोयीचे असतात, माणसांना ते लक्षात राहत नाहीत. माणसाने नाव सांगावे आणि यंत्राने त्याचा अंक शोधून काढावा, यासाठी जी व्यवस्था आहे तिला डोमेन नेम सिस्टीम, संक्षेपाने डीएनएस, असे म्हणतात.

ही व्यवस्था प्रारंभापासून नव्हती. अमेरिकेतील ‘अर्पानेट’ या जाळ्यावर थोडेच संगणक होते, तेव्हा सर्वांची नावे आणि अंक एकाच यादीत मावत असत. ती यादी कॅलिफोर्नियातील मेन्लो पार्क येथे, स्टॅनफर्ड संशोधन संस्थेच्या माहिती केंद्रात, एलिझाबेथ फाइनलर यांच्या देखरेखीखाली ठेवली जाई. नवीन संगणक जोडला की त्या केंद्राला कळवावयाचे आणि इतरांनी अधूनमधून यादीची ताजी प्रत उतरवून घ्यावयाची, असा रिवाज होता. जाळे वाढले तशी यादी लांबली आणि ती हाती पडेपर्यंत शिळी होऊ लागली. शेवटी सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या माहितीशास्त्र संस्थेतील पॉल मोकापेट्रिस यांनी १९८३ मध्ये नवी पद्धती मांडली. १९८७ मध्ये तिला जे सुधारित रूप मिळाले, तेच आजही आधारभूत आहे. एका टेबलावरची यादी मोडून तिचे तुकडे ज्याचे त्याच्या हवाली करणे, हे या पद्धतीचे सार होय. प्रत्येकाने आपल्या नावाखालील नोंदी आपणच ठेवाव्यात. वरच्याने केवळ एवढेच सांगावे की, ‘अमुक नावाच्या नोंदी तमुक ठिकाणी विचारा.’ सगळी सोय आणि सगळी जोखीम याच एका गोष्टीत आहे.

पत्ता शेवटून वाचावयाचा

टपालाची वर्गवारी करणारा कर्मचारी पाकिटावरील नाव प्रथम वाचत नाही. तो खालून सुरुवात करतो : आधी पिनकोड आणि जिल्हा, मग तालुका, मग गाव. माणसाचे नाव वाचण्याची वेळ शेवटी पोस्टमनवर येते. १५ ऑगस्ट १९७२ रोजी देशात पिनकोड सुरू झाला, त्याची योजना करणारे श्रीराम भिकाजी वेलणकर हे संस्कृतचे नामवंत पंडित होते. त्यांच्या सहा अंकांतील पहिलाच अंक देशाचा विभाग सांगून टाकतो. महाराष्ट्र आणि गोवा ‘४’ या अंकाखाली येतात.

संकेतस्थळाचे नावही असेच शेवटाकडून वाचले जाते. ‘महाराष्ट्र डॉट जीओव्ही डॉट इन’ हे शासनाच्या संकेतस्थळाचे नाव घ्या. वाचकाने ते टंकित केले की, त्याला इंटरनेट पुरविणाऱ्या कंपनीचा एक सर्व्हर चौकशीला निघतो. सर्वांत वर ‘मूळ’ सर्व्हर आहेत. त्यांची नावे इंग्रजी ‘ए’ ते ‘एम’ अशी तेराच असली, तरी त्यांच्या प्रती जगभर हजाराहून अधिक ठिकाणी ठेवलेल्या आहेत. मूळ सर्व्हर संपूर्ण पत्ता सांगत नाही. ‘इन’चे दप्तर कोठे आहे, एवढेच सांगतो. ‘इन’ हे भारताचे शेवटचे अक्षरचिन्ह १९८९ मध्ये अस्तित्वात आले आणि २००५ पासून त्याची नोंदणी ‘निक्सी’ या संक्षिप्त नावाने ओळखली जाणारी संस्था पाहते. त्याखालील ‘जीओव्ही’ हा भाग शासकीय कार्यालयांसाठी राखीव असून त्याची व्यवस्था राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राकडे आहे. अशी पायरीपायरीने विचारपूस होऊन अखेर अंक हाती येतो. या सर्व व्यवहाराला एका सेकंदाचा लहानसा अंश पुरतो.

प्रत्यक्ष नोंदी

नावाची मालकी आणि नावामागील नोंदी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सातबाराच्या उताऱ्यात नमुना सात जमीन कोणाची हे सांगतो आणि नमुना बारा तिच्यात काय उभे आहे हे सांगतो; तसाच हा भेद समजावा. मालकी नोंदणीदाराकडे नोंदविलेली असते. तिथल्या नोंदी मात्र ज्या सर्व्हरवर ठेवल्या असतील, तेथेच पाहाव्या लागतात.

या नोंदींत पहिली ती मुक्कामाची. तिला ‘ए’ नोंद म्हणतात. नाव आणि त्यासमोर अंकांचा पत्ता, इतकाच तिचा मजकूर. नव्या, लांब पत्त्यांसाठी याच अक्षराची चारदा पुनरुक्ती करून ‘एएएए’ अशी नोंद करतात. संकेतस्थळ एका सर्व्हरवरून दुसऱ्यावर हलविले की या नोंदीतील अंक बदलावा लागतो.

दुसरी नोंद पोस्टाची. तिला ‘एमएक्स’ म्हणतात. त्या नावाने येणारे ई-मेल कोणत्या सर्व्हरवर उतरावे, हे ती सांगते. संकेतस्थळ एका ठिकाणी आणि ई-मेल दुसऱ्याच ठिकाणी, अशी रचना बहुतेक कार्यालयांत असते. म्हणजे मुक्काम वाडीवर आणि पोस्ट बाजारच्या गावी. एमएक्स नोंदी एकाहून अधिक ठेवता येतात आणि प्रत्येकीला क्रमांक असतो. लहान क्रमांकाच्या सर्व्हरकडे प्रथम जावयाचे. तो बंद असल्यास पुढच्याकडे.

आता तो प्रसंग. काही वर्षांपूर्वी प्रस्तुत लेखक ज्या कार्यालयात होता, तेथील संकेतस्थळ जुने व संथ झाले होते. ते नव्या सर्व्हरवर नेण्याचे काम एका खाजगी संस्थेला दिले गेले. तिने संकेतस्थळ उत्तम बनविले. त्याच सप्ताहात कार्यालयाने एका मसुद्यावर नागरिकांच्या सूचना व हरकती ई-मेलने मागविल्या होत्या. पहिल्या चार दिवसांत एकही हरकत आली नाही. मसुदा निर्दोष आहे, असा एक समाधानकारक निष्कर्षही आम्ही काढला होता. सहाव्या दिवशी एक निवृत्त मुख्याध्यापक एस.टी.ने साठ किलोमीटरचा प्रवास करून कार्यालयात आले. त्यांनी टेबलावर एक छापील कागद ठेवला. त्यांनी पाठविलेली हरकत पोहोचविता आली नाही, असा यंत्राचा निरोप त्यांना पाच दिवसांनी मिळाला होता. ‘आपले कार्यालय टपाल घेत नाही काय?’ एवढेच त्यांनी विचारले.

घडले होते ते असे. संकेतस्थळ हलविताना त्या संस्थेने केवळ मुक्काम बदलला नव्हता, तर सर्व नोंदींचे दप्तरच आपल्या सर्व्हरवर नेले होते. नव्या दप्तरात तिने ‘ए’ नोंद लिहिली, कारण तिला संकेतस्थळाशीच कर्तव्य होते. जुन्या दप्तरातील एमएक्स नोंद उतरवून घेण्यास कोणी सांगितले नव्हते, आणि ती आहे हे आम्हांपैकी कोणाला ठाऊक नव्हते. ई-मेल व्यवहाराचा नियम असा की, पोस्टाची नोंद न सापडल्यास पत्र मुक्कामाच्याच पत्त्यावर नेऊन पाहावे. तिथे होता संकेतस्थळाचा सर्व्हर. तो टपाल स्वीकारीत नव्हता. दार बंद दिसले म्हणून पाठविणारा सर्व्हर पत्र लगेच परत करीत नाही; तो पुन्हा पुन्हा येऊन पाहतो आणि साधारणपणे चार-पाच दिवसांनी नाद सोडतो. म्हणून इतके दिवस कोणाचीच तक्रार आली नाही. आम्ही ज्याला संमती समजलो, ती बंद दाराबाहेर ताटकळणारी टपालाची रांग होती. नोंद पुन्हा लिहिण्यास दहा मिनिटेही लागली नाहीत. हरकतींची मुदत मात्र पंधरा दिवसांनी वाढवावी लागली, आणि त्यासाठी जाहीर सूचना पुन्हा द्यावी लागली.

‘पाहा’ आणि ‘मजकूर’

शब्दकोशात एखाद्या शब्दापुढे अर्थ न देता केवळ ‘अमुक शब्द पाहा’ असे म्हटलेले असते. ‘सीनेम’ ही नोंद तशीच आहे. ती अंक देत नाही. दुसऱ्या नावाकडे बोट दाखविते. ज्या नावापुढे ‘पाहा’ लिहिले, त्यापुढे दुसरी कोणतीही नोंद लिहिता येत नाही. त्यामुळे मुख्य नावासाठी ही नोंद चालत नाही. ‘निकाल’, ‘प्रवेश’ अशा उपनावांसाठी ती सोयीची पडते. हिचा धोका निराळा आहे. एखादी शाळा प्रवेशाच्या हंगामापुरती भाड्याची सेवा घेते, उपनावापुढे त्या सेवेचे नाव लिहिते, हंगाम संपताच सेवा बंद करते आणि नोंद तशीच राहते. सोडलेली ती जागा पुढे दुसऱ्या कोणी भाड्याने घेतली, तर शाळेच्या नावाने उघडणाऱ्या पानावर तो हवे ते लावू शकतो, मग ती सट्ट्याची जाहिरात का असेना. पालकाला वर शाळेचेच नाव दिसत राहते.

‘टीएक्सटी’ म्हणजे निव्वळ मजकुराची नोंद. ही मूळची शेरा लिहिण्याची जागा. आज तिच्यावर ई-मेलची विश्वासार्हता अवलंबून आहे. पाकिटाच्या मागे कोणीही कोणाचेही नाव लिहू शकतो, त्याचप्रमाणे ई-मेलवरही पाठविणाराचे नाव खोटे लिहिता येते. ‘शिष्यवृत्ती मंजूर झाली आहे, बँकेचा तपशील पाठवा’ असा मजकूर शाळेच्या नावाने पालकांना गेला, तर पालक तो खरा मानणारच. यास्तव तीन प्रकारचे मजकूर या नोंदीत लिहितात. ‘एसपीएफ’ हा मजकूर आमच्या नावाने पत्र पाठविण्याचा अधिकार कोणत्या सर्व्हरना आहे ते सांगतो. ‘डीकेआयएम’ पत्रावरील अंकीय स्वाक्षरी पडताळण्याची किल्ली देतो. या कसोट्यांना न उतरलेल्या पत्राचे काय करावे, स्वीकारावे, बाजूस ठेवावे की नाकारावे, हे ‘डीमार्क’ सांगतो. दिवसाला पाच हजारांहून अधिक पत्रे पाठविणाऱ्यांना जीमेलने फेब्रुवारी २०२४ पासून या तिन्ही गोष्टी आवश्यक केल्या. ज्या नावाने ई-मेल पाठविलेच जात नाही, त्या नावासाठीही ‘कोणालाच अधिकार नाही’ असा मजकूर लिहिता येतो, आणि तो लिहून ठेवणे शहाणपणाचे असते.

दप्तर कोठे आहे

‘एनएस’ ही नोंद दप्तराचा ठावठिकाणा सांगते. ती वरच्या पायरीवरही लिहिलेली असते आणि खालीही. दप्तर एकाहून अधिक सर्व्हरवर ठेवण्याचा दंडक आहे, म्हणजे एक बंद पडला तरी दुसरा उत्तर देतो. ‘एसओए’ ही दप्तराच्या पहिल्या पानावरची नोंद : मुख्य सर्व्हर कोणता, जबाबदार व्यक्तीचा ई-मेल पत्ता कोणता, आणि बदलाचा अनुक्रमांक. गाव नमुना सहामधील फेरफार क्रमांकाप्रमाणे हा आकडा प्रत्येक बदलागणिक वाढवावयाचा असतो. अन्यथा दुय्यम सर्व्हरना बदल झाल्याचे कळत नाही.

दप्तरापर्यंत पोहोचताच आले नाही तर काय होते, याचा अनुभव आपल्यापैकी बहुतेकांनी ४ ऑक्टोबर २०२१ च्या रात्री घेतला आहे. भारतात नऊ वाजून गेले होते. व्हॉट्सॲप, फेसबुक आणि इन्स्टाग्राम एकाएकी बंद पडले, ते पहाटेपर्यंत. देखभालीच्या कामात दिलेल्या एका चुकीच्या आज्ञेने फेसबुकच्या केंद्रांना जोडणारे अंतर्गत जाळे तुटले. कंपनीच्या डीएनएस सर्व्हरना आपल्याच केंद्रांशी संपर्क होईना, तेव्हा त्यांनी आपल्यापर्यंत येण्याचे मार्ग आपणच मागे घेतले. त्या क्षणापासून ‘फेसबुक डॉट कॉम’ कोठे आहे, याचे उत्तर देण्यास जगात कोणी उरले नाही. दुरुस्ती करणाऱ्या अभियंत्यांची साधनेही त्याच जाळ्यावर अवलंबून होती, त्यामुळे विलंब वाढला.

उत्तरांच्या खरेपणाचा प्रश्न वेगळा. मूळ रचनेत, उत्तर कोणी दिले हे पडताळण्याची सोय नव्हती. ती उणीव ‘डीएनएससेक’ या पद्धतीने, नोंदींवर अंकीय स्वाक्षरी करून, भरून काढली जाते. मूळ सर्व्हरच्या नोंदींवर अशी स्वाक्षरी जुलै २०१० पासून आहे.

बदल लगेच का दिसत नाही

प्रत्येक नोंदीसोबत सेकंदांत एक मुदत लिहिलेली असते; तिला ‘टीटीएल’ म्हणतात. चौकशी करणारे सर्व्हर एकदा मिळालेले उत्तर तेवढा वेळ स्मरणात ठेवतात आणि पुन्हा विचारीत नाहीत. मुदत ८६,४०० असेल तर उत्तर पूर्ण एक दिवस टिकते. म्हणून सकाळी पत्ता बदलल्यावर जिल्ह्याच्या ठिकाणी नवे संकेतस्थळ दिसते आणि तालुक्याला संध्याकाळपर्यंत जुनेच. यात कोणाचा दोष नाही. स्थलांतराच्या एकदोन दिवस आधीच मुदत ३०० सेकंदांवर आणून ठेवावी आणि काम स्थिरावल्यावर पूर्ववत करावी, एवढाच उपाय. नकारही स्मरणात राहतो, हे विशेष. नोंद लिहिण्यापूर्वीच उतावीळपणे नाव उघडून पाहिले, तर ‘असे नाव नाही’ हे उत्तर काही काळ चिकटून बसते.

नाव कोणाचे

ग्रामपंचायतींच्या बाबतीत खरी अडचण नोंदींहूनही नावाच्या मालकीत येते. उत्साही तरुणाने स्वतःच्या खात्यातून, स्वतःच्या ई-मेलवर गावाचे नाव घेतले. पुढे तो नोकरीनिमित्त पुण्याला गेला. नाव कायमचे विकत मिळत नाही, ठरावीक वर्षांसाठी मिळते. नूतनीकरणाची स्मरणपत्रे त्या तरुणाच्या जुन्या पत्त्यावर जात राहतात. सवलतीचे दिवस संपले की ते नाव कोणालाही नोंदविण्यास मोकळे होते, आणि गावाच्या दाखल्यांवर, फलकांवर छापलेल्या पत्त्यावर परक्याचे दुकान उघडते. शासकीय संस्थांसाठी राखीव असलेल्या नावांचा लाभ येथे दिसतो. ती वाटेल त्याला घेता येत नाहीत. रिझर्व्ह बँकेनेही बँकांना ३१ ऑक्टोबर २०२५ पर्यंत आपली संकेतस्थळे ‘बँक डॉट इन’ने संपणाऱ्या राखीव नावांवर नेण्यास सांगितले, ते याच कारणाने.

देवनागरीतील नावांविषयीही विचारणा होते. ‘.भारत’ने संपणारी देवनागरी नावे ऑगस्ट २०१४ पासून घेता येतात, आणि ती लिपी मराठीप्रमाणेच हिंदी, कोंकणी आदी भाषांसाठीही आहे. प्रत्यक्ष दप्तरात ही नावे रोमन अक्षरांच्या एका सांकेतिक रूपात, ‘एक्सएन’ या अक्षरांनी आणि दोन जोडरेषांनी सुरू होऊन, लिहिली जातात. वाचकाला ते दिसण्याची गरज नसते. नोंदींचे प्रकार मात्र तेच.

कार्यभार देताना-घेताना किल्ल्या, शिक्के आणि रोकडवही यांची यादी केली जाते. तिच्या शेजारीच एक पान यासाठी असावे : नाव कोणत्या नोंदणीदाराकडे आहे, खाते कार्यालयाच्या कोणत्या ई-मेलवर आहे, मुदत केव्हा संपते, दप्तर कोणत्या सर्व्हरवर आहे, आणि आजच्या सर्व नोंदींची तारखेसह छापील प्रत. संकेतस्थळाचे काम बाहेर देताना तीच प्रत करारास जोडावी.

या नोंदी गुप्त नसतात. कोणीही कोणाच्याही विचारू शकतो. विंडोज असलेल्या कोणत्याही संगणकावर, शाळेच्या संगणक कक्षातसुद्धा, ‘एनएस-लुकअप’ ही आज्ञा असते. तिला प्रथम केवळ नाव द्यावे, मुक्कामाचा अंक येतो. मग प्रकार ‘एमएक्स’ असा सांगून तेच नाव पुन्हा द्यावे. त्या नावाने ई-मेल चालत असूनही उत्तरात टपालाच्या सर्व्हरचे नाव आले नाही, तर पत्रे बाहेर थांबली आहेत असे समजावे. ती परत फिरण्यापूर्वी नोंद दुरुस्त करण्यास तीन-चार दिवस हाती असतात.